नात एडिसनची, आजी दांडिया बाजारची: मराठीचं काय करायचं?

दांडियाबाजारवाली (धागाकर्ती)

मंडळी, सल्ला हवाय. 'संस्कार कमी पडले' छापाचे प्रतिसाद द्यायचे असतील तर देऊन मोकळे व्हा, मी वाचणार नाही.

मुलगा न्यू जर्सीत एडिसनला असतो. सून पटेलांची, आमच्या बडोद्याच्याच कारेलीबागेतली. दोघं एमएस युनिव्हर्सिटीत एकत्र शिकले. नात नऊ वर्षांची. तिथल्या मंडळाची मराठी शाळा रविवारी सकाळी भरते आणि तिच्यावरून दर आठवड्याला घरात रणकंदन. नात म्हणते, मला त्या वेळी जिम्नॅस्टिक्सला जायचंय. मुलगा म्हणतो, मराठी आलीच पाहिजे. मग मला फोन येतो, "आई, तू सांग तिला." सून सहसा मधे पडत नाही. पण परवा म्हणाली, "मम्मी, मग गुजरातीची शाळा पण लावू का? ती पण तिचीच भाषा ना?"

यावर काय बोलणार! पोरीला गुजराती मराठीपेक्षा बरी येते, आणि का येणार नाही? ओक ट्री रोडवर फाफड्यापासून चणियाचोळीपर्यंत सगळं मिळतं, नवरात्रात गरबा होतो, जवळच रॉबिन्सव्हिलला २०२३ मध्ये स्वामिनारायणाचं अक्षरधाम मंदिर उघडलं, नाना-नानी हाकेच्या अंतरावर. मराठी फक्त बापाकडून. बाप घरी येतो सातनंतर, दमलेला, आणि आल्यावर पुन्हा लॅपटॉप उघडून बसतो.

मुलगा स्वतः बडोद्यात वाढला. शाळा इंग्रजी माध्यमाची, गल्लीत गुजराती, टीव्हीवर हिंदी. तरी मराठी आली. त्याला कोणी रविवारची शाळा लावली नव्हती. आणि आपण बडोद्याचे मराठी लोक तरी कोण? गायकवाडांच्या फौजेमागून, कारकुनीमागून, भिक्षुकीमागून परमुलखात आलेलीच माणसं. पिढ्यान् पिढ्या इथे राहून आपली मराठी टिकली, मग एडिसनमध्ये दुसऱ्याच पिढीत का चाललीय? आपण असं काय केलं होतं?

दुसरं म्हणजे, टिकवायचं म्हणजे नेमकं काय? नातीने व्हिडिओ कॉलवर हॅलोवीनचा पोशाख दाखवला तर आमचे हे नाक मुरडून म्हणाले, भुताखेतांचे सण कशाला हवेत. म्हटलं, तुमच्या आईने घरात घट बसवून तुम्हाला रात्री घडियाळी पोळात गरब्याला सोडलंच ना? तेव्हा कुठे काय बुडालं?

परदेशात मुलं वाढवलेल्यांनी लिहा. इथे राहून ज्यांची नातवंडं मराठीत उत्तर देत नाहीत त्यांनीही लिहा. तेही पुष्कळ निघतील.

विश्वामित्रीची_मगर

सून बरोबर आहे. बाकी चालू द्या.

(फाफडा आणि चणियाचोळी एकाच दुकानात मिळत असेल तर पत्ता पाठवा, बहीण तिकडेच असते.)

जुना_रावपुरा

ताई, 'आपली मराठी टिकली' हे जरा तपासून घेऊ या. माझ्या आजोबांनी मराठीसाठी काही खास केल्याचं मला आठवत नाही. त्यांना करावं लागलं नाही, कारण ते काम परस्पर होत होतं.

पहिली गोष्ट पोटाची. संस्थानात मराठी माणसाला नोकरी होती. खानगी खातं, फडणिशी, लष्कर, वाडा. कारभारात गुजराती होतीच, सयाजीरावांनी तिला भरपूर मान दिला, पण राजघराणं मराठी आणि दरबारात मराठीचा वावर. १९३१ मध्ये संस्थानाने 'श्री सयाजी शासन शब्दकल्पतरू' नावाचा राज्यकारभाराचा कोश काढला. इंग्रजी शब्दासमोर गुजराती, मराठी, संस्कृत, उर्दू, फारसी, हिंदी, बंगाली असे प्रतिशब्द. ज्या भाषेत वहिवाटदाराचा हुकूम निघतो ती भाषा पोरं शिकतात, त्यांच्या मागे लागावं लागत नाही.

मग गल्ली. दांडिया बाजार, रावपुरा, बाबाजीपुरा, सुलतानपुरा. दार उघडलं की मराठी कानावर. विठ्ठल मंदिर, जुम्मादादांचा आखाडा, गणपती, वाङ्मय परिषद. साहित्य संमेलन बडोद्यात १९०९, १९२१ आणि १९३४ असं तीनदा भरलं, आणि त्यानंतरचं थेट २०१८ मध्ये. मधली ८४ वर्षं बघा म्हणजे काय झालं ते कळेल.

आणि लग्नं. याकडे कोणाचं लक्ष जात नाही. मुली पुण्याकडून, नाशकाकडून, कोकणातून करून आणायचे. म्हणजे दर पिढीत घरात एक बाई यायची जिला गुजरातीचा ओ की ठो कळत नसे, आणि पोरं तिच्या हाताखाली वाढायची. घरातली मराठी शिळी व्हायला वावच नव्हता.

१ मे १९४९ ला संस्थान मुंबई राज्यात विलीन झालं. १ मे १९६० ला गुजरात वेगळा झाला. आपण जागचे हललो नाही, राज्य मात्र बदललं. मराठीवर पोट भरेनासं झालं, मग मराठी शाळा ओस पडत गेल्या, मग लोक मांजलपूर, गोत्री, वासणा रोडच्या फ्लॅटांत पांगले. तेव्हापासूनची आपली मराठी बघा. माझ्या नातवाला बोलता येतं, वाचता येत नाही. आणि तो कुठे परदेशात नाही, माझ्याच घरात वरच्या मजल्यावर राहतो.

आता तुमच्या मुलाने एकट्याने, संध्याकाळी सातनंतर, अख्ख्या संस्थानाचं काम करायचं म्हटलं तर होणार कसं?

मांजलपूर_लोकल

अवांतर: सयाजीराव स्वतः कवळाण्याचे, नाशिक जिल्ह्यातले. १८७५ मध्ये बारा वर्षांचे असताना दत्तक आले तेव्हा अक्षरओळख नव्हती. आल्यावर मराठी, गुजराती, उर्दू, इंग्रजी अशा चार भाषा बरोबरच सुरू. आपल्या पोरांना एक मराठी आणि एक जिम्नॅस्टिक्स जड जातंय.

विश्वामित्रीची_मगर

त्यांना राज्य मिळणार होतं. पोरीला काय मिळणार ते सांगा.

माइनकाठचा_बडोदेकर

फ्रँकफुर्टहून. आमच्याकडे गुजरातीचा प्रश्न नाही, जर्मनचा आहे. मुलगा किटात, म्हणजे इथल्या बालवाडीत, जायला लागला तेव्हा बायको घाबरली की घरात मराठी बोललो तर हा मागे पडेल. म्हणून आम्ही दोघं घरात मोडकंतोडकं जर्मन बोलायला लागलो. इथे मुलांच्या वयानुसार ठरलेल्या तपासण्या असतात. चार वर्षांच्या सुमाराला जी असते तिला यू-८ म्हणतात. त्या तपासणीला डॉक्टरीणबाईंनी आम्हाला चांगलं झापलं. तुमचं जर्मन चुकीचं आहे, ते त्याच्या कानावर घालू नका. तुम्हाला जी भाषा धड येते ती भरपूर बोला, जर्मनचं किटा बघून घेईल. तसंच झालं. आज पोरगा माझे उच्चार सुधारतो, बेकरीत चार लोकांसमोर.

सणांचं विचारलंत म्हणून. ११ नोव्हेंबरला सेंट मार्टिनचा दिवस असतो. त्या सुमाराला इथली मुलं हाताने केलेले कंदील काठीला लावून अंधार पडल्यावर गाणी म्हणत फिरतात. त्याआधी किटात आईबापांनी मुलांबरोबर बसून कंदील करायची एक दुपार असते. मला येतो तो एकच कंदील. बांबूच्या कामट्या कुठून आणणार, म्हणून कुंडीतल्या झाडांना आधाराला लावतात त्या काड्या घेतल्या, तासल्या, दोऱ्याने बांधून षटकोनी सांगाडा केला. खळ मैद्याची, घरून डब्यात नेली. जिलेटीन कागद लाल आणि पिवळा, खाली झिरमिळ्या. बाकीचे पालक पुठ्ठा आणि डिंकाच्या नळ्या घेऊन बसलेले. शेजारच्या टेबलावरची एक तुर्की आई आपलं काम टाकून बघायला आली आणि मग तिच्या मुलीसाठीही एक करावा लागला. मिरवणुकीत दोन आकाशकंदील निघाले! दिवाळी होऊन गेली असली तरी आमचा खिडकीत नाताळपर्यंत लटकतो.

बोलण्याचं खातं माझ्या वडिलांकडे. ते प्रतापनगरहून रोज फोनवर गोष्ट सांगतात आणि ऐन मोक्याला म्हणतात, आता माझी पूजेची वेळ झाली, उद्या. त्यांची पूजेची वेळ रोज बदलते.

सरळ_सांगतो

तिकडे गेलात, तिथलं नागरिकत्व घेतलंत, आता तिथले व्हा ना. भाषा हे संवादाचं साधन. जिथे राहायचं तिथली भाषा यावी, बस. म्हाताऱ्यांच्या हौसेपायी पोरांच्या रविवारचं वाटोळं का?

दांडियाबाजारवाली

सरळराव, साधनच ना? मग ती माझ्याशी संवाद कशाने करेल ते सांगा. माझं इंग्रजी बँकेच्या फॉर्मापुरतं आहे. आणि हे सगळं तुम्ही मराठीतच लिहून गेलात, तेवढं बघून ठेवा.

सुलतानपुऱ्याची_सून

ती ओ की ठो न कळणारी बाई म्हणजे मी. १९८८ साली नाशिकहून आले. रावपुरेकाका, मुलांना मराठी मी दिली हे खरं, पण त्यात माझं कौतुक काही नाही, मला दुसरं येतच नव्हतं. खंडेराव मार्केटात भाजीवालीशी बोटांनी हिशेब करायचे. आता भांडण गुजरातीतच करते, जोर चांगला येतो.

इथे आल्यावर चकित झाले ते वेगळ्याच गोष्टीने. आमच्या नाशकाच्या घरी कधीचं बंद पडलेलं इथे थाटात चालू. सासूबाई चैत्रांगण काढायच्या, आंब्याची डाळ-पन्ह्यासकट चैत्रगौरीचं हळदीकुंकू करायच्या, मुंजीत मातृभोजनाचा मान रीतीप्रमाणे. आणि जेवायला बसले तर आमटी गोड! उसळीवर शेव. संक्रांतीला ताटात गुळपोळीशेजारी उंधियू, आणि तिळगूळ द्यायचा म्हटलं तर घरात माणूस नाही, सगळे गच्चीवर पतंगाची फिरकी धरून. सासरे तर संक्रांत म्हणायचेच नाहीत, उत्तरायण म्हणायचे.

काही घट्ट धरलं, काही बिनघोर सोडलं, आणि कोणी सभा घेऊन ठराव केला नव्हता. बायांनी जे सोसलं आणि पोरांनी जे मिटक्या मारत खाल्लं ते राहिलं. एडिसनची सूनबाईही ते करतच असेल. मुलाला म्हणावं, तू ताटात काय काय आहे ते आधी नीट बघ.

इंदुरी_भिया

भिया राम! इंदूरचा आहे, पण धागा आमच्याही कामाचा म्हणून घुसतो.

जानेवारी २०२३ मध्ये प्रवासी भारतीय दिवस, म्हणजे परदेशस्थ भारतीयांचं सरकारी संमेलन, इंदुरात झाला तेव्हा पुष्कळ घरांनी पाहुणे आपल्याकडे उतरवून घेतले. आमच्या शेजाऱ्यांकडे मॉरिशसचं जोडपं होतं. आडनाव मराठी, चेहरेपट्टी थेट रत्नागिरीची, आपसात बोलणं तिथल्या क्रिओल बोलीत. सकाळी जिरावन मसाला भुरभुरवून पोहे-जलेबी झाली, खूश होते. संध्याकाळी शेजाऱ्यांकडे आरती होती. दोघांना गणपतीची आरती पाठ, एक शब्द इकडचा तिकडे नाही. आमचं पोरगं, जे घरात मराठी बोलतं, ते 'दर्शनमात्रे'नंतर नुसतं गुणगुणत होतं. मी पाहुण्यांना मराठीत विचारलं, कुठे शिकलात? तर त्यांनी बायकोकडे बघितलं आणि तिने माझ्याकडे. प्रश्नच कळला नव्हता.

कोकणातली माणसं तिथे एकोणिसाव्या शतकात गिरमिटिया, म्हणजे कराराने बांधलेले मजूर म्हणून उसाच्या मळ्यांवर गेली. गणेश चतुर्थीला तिथे सरकारी सुट्टी असते, शाळेत मराठी विषय घेता येतो, झाकरी नाच अजून होतो. घरात मराठी राहिली नाही. आता याला टिकलं म्हणायचं की गेलं? आम्ही चौकात दोन दिवस वाद घातला, निकाल लागला नाही.

जुना_रावपुरा

इस्राएलला गेलेल्या बेने इस्रायली ज्यूंचंही काहीसं असंच. तीही कोकणातलीच मंडळी. प्रेषित एलियाहू हन्नाबीच्या नावाने मलिदा करतात, गोड पोहे, खोबरं, फळं. पुढच्या पिढ्यांची भाषा हिब्रू झाली. पण पहिल्या पिढीतल्या लोकांनी तिथे 'मायबोली' नावाचं मराठी नियतकालिक चालवलं. भाषा सुटली तरी ताट आणि देव्हारा पुढे जातो असं दिसतं. तुमच्या पाहुण्यांना मी तरी मराठीच म्हणेन.

विश्वामित्रीची_मगर

काका, आणि तंजावर? व्यंकोजी तिकडे सतराव्या शतकात गेले, राज्य १८५५ मध्ये खालसा झालं, तरी तिथल्या कित्येक घरांत आजही मराठी बोलतात. संस्थान गेलं की भाषा जाते हा तुमचा सिद्धांत तिथे लंगडा पडतो.

जुना_रावपुरा

लंगडत का होईना, चालतो. त्यांनी लग्नं आपसात केली. माझा तिसरा मुद्दा परत वाचा.

विश्वामित्रीची_मगर

म्हणजे नऊ वर्षांच्या पोरीला आत्तापासून सांगायचं का, की मराठीच मुलगा बघ? पटेलांच्या मुलीशी लग्न करून खुद्द बापानेच तो मुद्दा निकालात काढलाय.

मिसिसॉगाची_पोर

इथे नेहमी वाचते, लिहितेय पहिल्यांदा. शुद्धलेखन सांभाळून घ्या. वय २४. जन्म बडोद्याचा, अगदी लहान असताना कॅनडाला आले.

मराठी शाळेला मीपण जायचे. कुणाच्या तरी आईबाबांपैकीच कोणीतरी शिकवायचे, फुकट, स्वतःचा वेळ काढून. त्याबद्दल मला आदरच आहे. इकडच्या बऱ्याच मराठी शाळा बृहन्महाराष्ट्र मंडळाच्या अभ्यासक्रमाने चालतात आणि परीक्षा भारती विद्यापीठाची असते. मला प्रमाणपत्र मिळालं. 'माझा आवडता प्राणी' यावर दहा ओळी लिहिता यायच्या. पोट दुखायला लागलं की मात्र तोंडातून इंग्रजीच यायचं.

बोलायला लागले ती आजी आल्यावर. कॅनडात आईवडील, आजीआजोबा यांच्यासाठी सुपर व्हिसा असतो, २०११ च्या शेवटी सुरू झाला. खाजगी आरोग्य विमा काढायला लागतो, तो महाग पडतो. पण तेव्हा एका खेपेला दोन वर्षं राहता यायचं, २०२२ पासून पाच वर्षं. आई-बाबा दोघं कामावर, मी शाळेतून आले की घरात आम्ही दोघीच. तिला डिशवॉशर, थर्मोस्टॅट, दाराचा अलार्म काहीच माहीत नव्हतं, आणि समजावणारी मी एकटी. "आजी, वीसवर ठेव. पंचवीस केलंस तर बिल येतं आणि बाबा ओरडतो." "आजी, हा लाल डबा पुनर्वापराचा नाही, निळा आहे तो, सालं हिरव्यात." बस कुठली पकडायची, ड्रायव्हरला काय म्हणायचं, लायब्ररीचं कार्ड कसं काढायचं. तिचं माझ्यावाचून अडायचं. असं कुठल्या धड्यात नव्हतं.

आता एक सांगते, राग मानू नका. सुट्टीत बडोद्याला यायचे तेव्हा मी मराठीत बोलले की भावंडं हसायची. वाईट मनाने नाही. पण माझा 'ळ' पुन्हा पुन्हा म्हणायला लावायचे, फोनवर रेकॉर्ड करायचे. मोठी माणसं माझ्याशी मुद्दाम इंग्रजीत बोलायची, एक काका तर आग्रहाने. मी मराठीत विचारायचे, ते इंग्रजीत उत्तर द्यायचे. पुढच्या सुट्टीत मी सरळ इंग्रजी सुरू केलं. मग सगळे म्हणाले, बघा, विसरली.

माझ्याकडे ओसीआय कार्ड आहे, भारतीय वंशाच्या परदेशी नागरिकांना भारत देतो ते. येऊ-जाऊ देतात, मत देता येत नाही, शेतजमीन विकत घेता येत नाही. मराठीतही माझं ओसीआयच आहे असं वाटतं कधीकधी.

सुलतानपुऱ्याची_सून

काय सुंदर लिहिलंयस ग. शुद्धलेखन आमच्या पोरांपेक्षा बरं आहे.

आणि हसतात कोण? ज्यांची मराठी ऐकून पुण्याच्या लग्नात लोक एकमेकांकडे बघतात, ते आपण बडोदेकर!

मराठी_घरची_गुजराती_सून

मी एडिसनच्या सुनेच्या बाजूची. माहेर गुजराती, सासर मराठी, राहते निझामपुऱ्यात. माझा अनुभव असा की तीन भाषांनी मुलांचा गोंधळ होत नाही, मोठ्यांचा होतो. आमच्याकडे सासूबाई मराठी बोलतात, मी गुजराती, आणि नवरा ज्याच्यात शब्द आधी सुचेल ते. मुलगा दीड वर्षाचा असताना सासूबाईंना 'पाणी' म्हणायचा आणि मला 'मम'. कोणाकडून काय मिळतं ते त्याला बरोब्बर कळायचं.

मला लग्नानंतर मराठी शिकवायला कोणी आलं नाही. सासूबाईंबरोबर मालिका बघून शिकले. एडिसनच्या सुनेला कोणी विचारलं आहे का की तिला मराठी येते का? कारेलीबागेत वाढली म्हणजे शेजार मराठीच असणार. रविवारच्या भांडणात तिला पंच करण्यापेक्षा खेळायला घ्या.

दांडियाबाजारवाली

येते हो, सगळं कळतं तिला! माझ्या नणंदेने एकदा लग्नात काहीतरी खवचट मारलं होतं ते तिला लगेच कळलं, फक्त बोलली नाही. बोलत नाही कारण मुलगा तिच्या मराठीला 'पटेल मराठी' म्हणून चिडवतो. तो गाढव आहे. त्याला हा धागा पाठवलाय.

मिसिसॉगाच्या पोरी, तुझं वाचल्यावर मी एक करून बघितलं. शनिवारी नातीला फोन लावला आणि शाळेचा विषयच काढला नाही. म्हटलं, तुझं ते जिम्नॅस्टिक्स म्हणजे नक्की काय करता ग, मला काही कळत नाही. झालं! फोन सोफ्याला टेकवून ठेवला आणि कार्टव्हील करून दाखवली. मी म्हटलं, दिसलं, पण समजलं नाही, सांग. "आजी, पहिले हात नीचे. नाही, एक हात. पछी दुसरा. पाय वर, सीधा, वाकवायचा नाही. मग गोल." अर्धी गुजराती, थोडी हिंदी, पण मराठी इतकी लांब बोललेली मी प्रथमच ऐकली.

तेवढ्यात आमचे हे पेपर बाजूला ठेवून उठले. हे तरुणपणी जुम्मादादा व्यायाम मंदिरात मल्लखांबाला जायचे. कपाटातून जुना फोटो काढला, खांबावर उलटे, फक्त मांड्यांच्या पकडीवर, हात मोकळे. तो फोन कॅमेऱ्यासमोर धरला. नात ओरडलीच. "आजोबा, तुम्ही?" मग काय विचारता. खांब कशाचा? सागाचा. खांबाला काय लावतात? एरंडेल. पहिलं काय शिकवतात? सलामी, मग अढी. अढी म्हणजे? तर आजोबा पलंगाच्या खांबाला पाय घालून दाखवायला निघाले, तिथे मी मधे पडले, गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं आहे. बगली, दसरंग, सुईदोरा अशी नावं सांगितली. 'दसरंग' तिने लगेच पकडलं आणि बीमवरून उतरताना ओरडणार म्हणाली.

रविवारी ती जिम्नॅस्टिक्सलाच गेली. मराठी शाळेला नाही. मुलगा माझ्यावर रुसलाय, तू तिची बाजू घेतलीस म्हणून. रुसू दे.

जुना_रावपुरा

अमेरिकेतही मल्लखांब शिकवणारी मंडळी आहेत, मुलाला शोधायला सांगा. तिथे सूचना मराठीत देतात की नाही कोण जाणे, नावं तरी मराठीच राहणार.

ताई, मी म्हटलं ना एकट्या बापाला झेपणार नाही. मग आपण रिकामे बसून काय करतोय? माझ्या वरच्या मजल्यावरच्या नातवालाही वाचायला शिकवायचंच आहे. आठवड्यातून एकदा व्हिडिओवर मी गोष्ट वाचतो. बालभारतीचं 'किशोर' १९७१ पासून निघतंय, जुने अंक त्यांच्या संकेतस्थळावर फुकट आहेत, चित्रं सुंदर. एक पान मी वाचीन, पुढचं पोरांनी, जमेल तसं. हसणाऱ्याला बाहेर काढणार, मग तो माझा नातू का असेना.

माइनकाठचा_बडोदेकर

आमचा पोरगा येईल. वाचता येत नाही, ऐकेल आणि मधे मधे प्रश्न विचारून हैराण करेल.

मिसिसॉगाची_पोर

मीपण आले तर चालेल का? मी मोठी आहे पण माझं जोडाक्षरांचं वाचन लहान मुलांसारखंच आहे. लहान मुलांना सांभाळायचं काम द्या.

जुना_रावपुरा

तू तर पाहिजेसच. रविवारी सकाळी आठ कसं?

दांडियाबाजारवाली

रविवारी आपले सकाळचे आठ म्हणजे त्यांच्याकडे शनिवारी रात्रीचे साडेदहा. झोपेल ती. आणि फ्रँकफुर्टला पहाटेचे साडेचार! शनिवारी संध्याकाळी साडेसात ठेवा. म्हणजे एडिसन आणि मिसिसॉगाला सकाळचे दहा, जर्मनीत दुपारचे चार. सूनबाईला विचारून घेतलंय, ती म्हणाली मी पण बसेन. मुलाने तोंड उघडायचं नाही ही तिची अट.

माइनकाठचा_बडोदेकर

चालेल. फक्त लक्षात ठेवा, इथली घड्याळं ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी मागे जातात आणि अमेरिका-कॅनडातली नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी. तो मधला शनिवार कोणाच्या वेळेने धरायचा?

सुलतानपुऱ्याची_सून

त्या शनिवारी सुट्टी. दिवाळीच्या फराळाचे दिवस असतात, काका कुठे वाचतायत, चकल्या पाडायला बसवणार आहेत त्यांना.